पद्मिनी: सेल्फ जोरात फिरतो, पेट्रोल येतं, पण गाडी स्टार्ट होत नाही

अकराशे_८८

नमस्कार. गाडी प्रीमियर पद्मिनी, १९८८, पेट्रोल, कार्बोरेटर, पॉइंटवाला डिलको (प्लगांना ठिणगी वाटणारा डिस्ट्रिब्यूटर; आतले पॉइंट उघडमिट करून कॉइलचा करंट तोडतात). इलेक्ट्रॉनिक काही बसवलेलं नाही. मुक्काम चिपळूण. पावसाळाभर पत्र्याच्या शेडमध्ये उभी होती, आता स्टार्ट होत नाही.

बॅटरी नवी आहे. चावी बंद असताना १२.६ व्होल्ट, सेल्फ मारताना १०.४. इंजिन झपाट्याने फिरतं. कार्बोरेटरला पेट्रोल येतं, प्लग काढले की ओले निघतात. चारही प्लग नवे टाकले, फरक नाही. चावी ऑन केल्यावर कॉइलच्या प्लसवर १२.४ व्होल्ट मिळतात, म्हणजे कॉइलपर्यंत करंट पोचतोय असं धरलंय. पॉइंट काळे पडले होते, ते पॉलिश पेपरने घासले. प्लग बॉडीला टेकवून सेल्फ मारला तर ठिणगी दिसत नाही.

पावसाळ्याआधी एक तक्रार होती: तासभर चालली की अचानक बंद पडायची, अर्ध्या तासाने थंड झाली की पुन्हा चालू.

मेकॅनिकचं म्हणणं, कॉइल, कंडेन्सर, पॉइंट, रोटर, कॅप सगळंच बदलून टाका. मला नेमकं काय गेलंय ते शोधायचं आहे. मल्टिमीटर, टेस्ट लॅम्प आणि फिलर गेज (फट मोजायच्या पट्ट्या) जवळ आहे. कुठून सुरुवात करू?

फिलरगेज

सगळं एकदम बदलू नका. हल्ली मिळणारे कंडेन्सर आणि रोटर नवे असूनही भरवशाचे नसतात. त्यातला एखादा सदोष निघाला तर एका बिघाडाचे दोन होतात आणि मग शोधणं अवघड. एका वेळी एकच गोष्ट बदला, आणि काढलेला जुना भाग फेकू नका.

तुमचे १२.४ व्होल्ट पॉइंट उघडे असताना मोजले की मिटलेले असताना? हा मुद्दा महत्त्वाचा आहे. पॉइंट उघडे असले की कॉइलमधून करंट वाहतच नाही, आणि करंट वाहत नसताना जळक्या स्विचमधूनही मीटरला पूर्ण व्होल्ट दिसतात. साध्या कॉइलचा प्रायमरी (१२ व्होल्टच्या बाजूचा) रेझिस्टन्स सुमारे ३ ओहम असतो, म्हणजे पॉइंट मिटले की जवळपास ४ अँपिअर वाहतात. त्या लोडवर मोजा. तेव्हा कॉइलच्या प्लसवर बॅटरीपेक्षा अर्ध्या-पाऊण व्होल्टहून जास्त घट दिसली तर चावीचा स्विच किंवा मधला एखादा गंजलेला लग (वायरच्या टोकाची पत्री) करंट खातोय. सेल्फ मारतानाही तिथेच मोजा. चावी सोडताक्षणी इंजिन एखादा झटका घेत असेल तर सेल्फ फिरताना कॉइलला पुरेसे व्होल्ट मिळत नाहीत, असं समजा.

आता मुख्य चाचणी. आधी गाडी न्यूट्रलला, हँडब्रेक ओढलेला. प्लग ओले आहेत म्हणता, तर ते बसवून घ्या, सांडलेलं पेट्रोल पुसा आणि वाफ जाईपर्यंत बोनेट उघडं ठेवा. ठिणगी पाडायची आहे आणि आसपास पेट्रोल आहे, हे विसरू नका. अग्निशामक जवळ असू द्या.

डिलकोची कॅप काढा. हँडब्रेक सोडा, टॉप गिअर टाकून गाडी हळूहळू ढकला, पॉइंट मिटलेले दिसतील तिथे थांबा आणि पुन्हा न्यूट्रल करून हँडब्रेक ओढा. कॉइलमधून कॅपच्या मधोमध येणारी जाड वायर काढून तिचं टोक ब्लॉकच्या उघड्या लोखंडापासून ५-६ मिलिमीटरवर धरा. हाताने नव्हे, रबरी मुठीच्या पक्कडीने, किंवा सरळ लाकडी चिमट्यात अडकवून. तिथे १५-२० हजार व्होल्ट तयार होतात. चावी ऑन करा आणि प्लॅस्टिक मुठीच्या बारीक स्क्रूड्रायव्हरने पॉइंट उघडा. प्रत्येक वेळी निळी, टच्‌ आवाजाची ठिणगी पडली तर पॉइंट, कंडेन्सर, कॉइल ठीक; दोष पुढे रोटर, कॅप, वायर, प्लग किंवा टायमिंगमध्ये (ठिणगी पडण्याच्या वेळेत). पडली नाही, किंवा पिवळसर आणि बारीक पडली, तर दोष मागे आहे.

मागे असेल तर मीटरची लाल वायर कॉइलच्या मायनसला, म्हणजे जिथून वायर डिलकोकडे जाते तिथे लावा. काळी वायर बॅटरीच्या मायनसला. चावी ऑन. पॉइंट उघडे असताना सुमारे १२ व्होल्ट आणि मिटल्यावर जवळजवळ शून्य यायला हवं. ०.२ व्होल्टपर्यंत चालेल, अर्धा व्होल्ट आला तर पॉइंट पुन्हा साफ करायचे.

दोन्ही वेळा शून्य आलं तर मायनसवरून डिलकोची वायर सोडा. आता १२ आले तर डिलकोच्या आत कुठेतरी बॉडीला शॉर्ट आहे: पॉइंटच्या खुंटीवरचा प्लॅस्टिक वॉशर चुकीच्या क्रमाने बसलेला, कंडेन्सर आतून शॉर्ट, किंवा आतली वायर सोलून टेकलेली. तरीही शून्यच राहिलं तर कॉइलची प्रायमरी तुटलेली किंवा प्लसलाच करंट नाही.

दोन्ही वेळा १२ आलं तर पॉइंट मिटूनही सर्किट पूर्ण होत नाही. तुमच्या बाबतीत मला हीच शंका जास्त आहे. कोकणातल्या पावसाळ्यात उभ्या गाडीच्या टंगस्टनच्या पॉइंटवर ऑक्साइडचा थर चढतो आणि तो करंट अडवतो. त्यात पॉलिश पेपरने घासलं की त्याचे कण धातूत रुतून बसतात, आणि ते कणही करंट वाहू देत नाहीत. पॉइंट चकचकीत दिसतात, पण चालत नाहीत. घासायचेच तर पातळ सपाट कानशीने किंवा तेलदगडाने दोन-तीन हात, आणि नंतर जाड कोऱ्या कागदाची पट्टी थिनरमध्ये भिजवून मिटलेल्या पॉइंटमधून ओढून काढा. पट्टी स्वच्छ निघेपर्यंत. नव्या पॉइंटवरही गंज लागू नये म्हणून तेलकट थर असतो, तोही असाच पुसावा लागतो.

मीटरवर १२ आणि शून्य बरोबर येतंय, तरी मधल्या वायरला ठिणगी नाही, तर कंडेन्सर किंवा कॉइल. पॉइंट उघडतात तेव्हा प्रायमरीत २००-३०० व्होल्टचा झटका बसतो. कंडेन्सर तो झेलतो, म्हणून पॉइंटवर जाळ होत नाही आणि कॉइलमधलं चुंबकत्व एकदम कोसळतं. ते एकदम कोसळलं तरच हजारो व्होल्ट तयार होतात. कंडेन्सर गेला की पॉइंट उघडताना त्यांच्यातच लख्ख निळा जाळ दिसतो आणि मधल्या वायरला काही नाही. खात्री करायला जुन्या कंडेन्सरची वायर सोडा आणि चांगला कंडेन्सर बाहेरून लावा: वायर कॉइलच्या मायनसला, डबी बॉडीला घट्ट. सुमारे ०.२ मायक्रोफॅरॅड. कुठल्याही चारचाकीचा पॉइंटवाला कंडेन्सर चाचणीपुरता चालतो. रेडिओच्या दुकानातला घेतलात तर ६३० व्होल्टचा घ्या, कमी व्होल्टचा तग धरणार नाही.

आणि हे करताना चावी मिनिटांच्या हिशेबाने ऑन ठेवू नका. पॉइंट मिटलेले असताना ४ अँपिअर सतत वाहून कॉइल तापते. मोजलं की चावी बंद.

एसीपंप

फिलरगेज म्हणतात तो क्रम बरोबर. त्याला एक जोड: ओला प्लग पेट्रोल येतंय एवढंच सांगतो, ते पेट्रोल पेटण्याजोगं आहे असं सांगत नाही. टाकीत पावसाळ्याआधीचं पेट्रोल असेल तर त्यातला हलका, लवकर पेटणारा भाग उडून गेलेला असतो. शिवाय आता पंपावर मिळतं ते ई२०, म्हणजे २० टक्के इथेनॉल मिसळलेलं. त्यातलं इथेनॉल हवेतला ओलावा ओढतं, आणि पाणी प्रमाणाबाहेर गेलं की इथेनॉल-पाण्याचा थर खाली बसतो. पेट्रोल घेणारी नळी टाकीच्या तळाशीच असते. एसी पंपाची (टाकीतून पेट्रोल ओढणाऱ्या, इंजिनवरच्या पंपाची) नळी सोडून काचेच्या बाटलीत अर्धा लिटर काढा आणि तासभर ठेवा. खाली वेगळा थर दिसला किंवा वार्निशसारखा आंबूस वास आला तर टाकी रिकामी करा, कार्बोरेटरची वाटीही.

प्लग नवे असले तरी एकदा पेट्रोलने भिजले की थंड इंजिनात लवकर सुधारत नाहीत. बाहेर काढून पूर्ण वाळवा. गॅप ०.६ मिलिमीटर ठेवा. प्लग काढलेले असताना चावी बंद ठेवून आणि कॉइलची वायर सोडून ५-१० सेकंद सेल्फच्या सोलेनॉइडला थेट करंट द्या, सिलिंडरमधलं पेट्रोल उडून जाईल. त्या वेळी प्लगच्या भोकांसमोर तोंड नको आणि आसपास ठिणगी नको. मग प्लग लावा. चोक पूर्ण आत, ॲक्सिलरेटर तळापर्यंत, आणि तेव्हाच सेल्फ.

रबरी नळ्यांवर बोट फिरवून बघा. इथेनॉलने जुनं रबर फुगतं, चिरतं. इग्निशन दुरुस्त झालं आणि नळी गळत राहिली तर ते फार वाईट.

घाटमाथा

कॉइलच्या पुढची बाजू मी सांगतो, कारण ओलाव्याचा खरा त्रास तिथे होतो.

कॅप आतून उजेडात धरून फिरवा. दोन पितळी टोकांच्या मधे, किंवा मधल्या कार्बनपासून एखाद्या टोकापर्यंत केसाएवढी काळी-करडी रेघ दिसली तर ती कार्बनची वाट आहे. करंट रोटरवर न जाता त्या रेघेने पळतो. ती रेघ खरवडून जात नाही, खोबणी आणखी खोल होते, कॅपच बदला. मधला कार्बन स्प्रिंगवर आत-बाहेर हलला पाहिजे. नुसतं दव असेल तर कोरड्या फडक्याने पुसून केस वाळवायच्या मशीनने गरम करा.

रोटर डोळ्यांनी ठीक दिसतो आणि तरी फुटलेला असतो. त्याच्या पितळी पट्टीखालून आतल्या शाफ्टपर्यंत करंट भोक पाडतो. तपासायची रीत सोपी: रोटर जागेवर, कॅप काढलेली, मधल्या जाड वायरचं टोक रोटरच्या मधल्या पितळेवर ३ मिलिमीटर वर धरा आणि पॉइंट उघडा-मिटा. ठिणगी रोटरवर उडी मारत राहिली तर ती आत शाफ्टला जाते आहे, रोटर फुकट. काहीच उडाली नाही किंवा एखादी पुसट उडाली तर रोटर चांगला. हे फक्त मधली वायर ब्लॉकला चांगली ठिणगी देत असेल तरच करा, नाहीतर निष्कर्ष खोटा.

प्लगच्या वायरी मीटरवर एकेक मोजा. तांब्याच्या तारेची असेल तर जवळजवळ शून्य, कार्बनची असेल तर काही हजार ओहम. मीटर काहीच दाखवत नसेल तर वायर आतून तुटलेली.

फायरिंग ऑर्डर १-३-४-२, एक नंबर सिलिंडर रेडिएटरकडचा. प्लग बदलताना दोन वायरींची अदलाबदल सर्रास होते. कॅप काढून कुणाला तरी सेल्फ मारायला सांगा, रोटर कुठल्या दिशेला फिरतो ते डोळ्यांनी बघा आणि त्या दिशेने १-३-४-२ मोजा. कार्बोरेटरमधून फटका येत असेल तर आधी हेच तपासा.

सुटे भाग घ्यायला कुर्ल्याच्या सीएसटी रोडला किंवा कुठेही जाणार असाल तर जुना नमुना बरोबर न्या. इतक्या वर्षांत डिलकोच दुसऱ्या गाडीचा बसवलेला असू शकतो. तोंडी ‘पद्मिनीचे पॉइंट द्या’ म्हणून आणलेले पॉइंट बसतीलच असं नाही.

गॅरेज_बाहेर

एवढा खटाटोप करण्यापेक्षा पॉइंट-कंडेन्सर काढून इलेक्ट्रॉनिक किट टाकलं तर? चुंबकाचं कडं आणि सेन्सर येतो ते.

फिलरगेज

किट चांगलं असतं, पण बिघाड सापडल्यावर. चावीचा स्विच करंट खात असेल किंवा रोटर फुटलेला असेल तर किट टाकूनही गाडी उठणार नाही, आणि मग किटच खराब आहे की काय, ही तिसरी शंका. किटला कॉइलचा रेझिस्टन्सही जुळावा लागतो. बॅलास्टवाली (बाहेरून जादा रेझिस्टन्स जोडून चालवायची) दीड ओहमची कॉइल सरळ १२ व्होल्टवर लावली की करंट दुप्पट, ८ अँपिअर. पॉइंट असतील तर जळतात, किट असेल तर ते उडतं. आधी नीट चालणाऱ्या गाडीवरच किट बसवा आणि जुनी पॉइंटची प्लेट डिकीत ठेवा.

अकराशे_८८

तुम्ही सांगितल्याप्रमाणे मोजलं.

मधल्या जाड वायरला ठिणगी अजिबात नाही. कॉइलच्या मायनसवर पॉइंट उघडे १२.४, मिटलेले १२.४. पॉइंट थिनरच्या पट्टीने तीनदा साफ केले, आकडा तोच. पॉइंटचा गॅप ०.२५ निघाला. कॉइलच्या वायरी सोडून प्रायमरी ३.१ ओहम, सेकंडरी ७.८ हजार ओहम. बाटलीतल्या पेट्रोलला थर नाही, पण वास जुनाट आहे, टाकी रिकामी करतोय.

आता पॉइंट नवे घेऊ का?

फिलरगेज

थांबा, पॉइंट अजून दोषी ठरलेले नाहीत. कॉइलचे दोन्ही आकडे चांगले आहेत. आता कॉइलच्या मायनसपासून पॉइंटपर्यंत एकेक टप्पा बघायचा. मधली जाड वायर ब्लॉकजवळ धरलेलीच ठेवा, चावी ऑन, पॉइंट उघडे. एक सुटी वायर घ्या, तिचं एक टोक बॉडीला पक्कं. दुसरं टोक कॉइलच्या मायनसला क्षणभर टेकवून उचला. ठिणगी पडली तर कॉइल आणि तिचा पुरवठा ठीक. मग तेच डिलकोच्या बाहेरच्या टर्मिनलवर, मग आत पॉइंटच्या हलत्या पट्टीवर. जिथे ठिणगी थांबते, त्याच्या आणि आधीच्या टप्प्याच्या मधे तुटलंय. पट्टीवर करूनही पडली, तर पॉइंटचा पृष्ठभाग किंवा प्लेटचं अर्थिंग. सोबत पट्टीवर व्होल्टही मोजा.

अकराशे_८८

कॉइलच्या मायनसवर: ठिणगी पडते, पण बारीक, पिवळसर. डिलकोच्या बाहेरच्या टर्मिनलवर: तशीच. पॉइंटच्या पट्टीवर: काही नाही, आणि मीटर ० दाखवतो. आतली वायर वरून अखंड दिसते.

फिलरगेज

मग सापडलं. बाहेरच्या टर्मिनलपासून पॉइंटच्या पट्टीपर्यंत जाणारी ती दोन-अडीच इंची वायर आतून तुटली आहे. वरचं आवरण शाबूत राहतं आणि आतल्या तारा एकेक करून तुटतात, बहुधा लगाला लागून. दोन बोटांत धरून हलकेच ओढा, तुटल्या जागी ती रबरासारखी ताणली जाईल.

ठिणगी पिवळी आणि बारीक का, तर कंडेन्सर पॉइंटच्या बाजूला जोडलेला असला की तुटलेल्या वायरमुळे तोही सर्किटबाहेर जातो. तेवढ्यावरून त्याला आत्ता दोष देऊ नका, वायर बदलून मग बघा.

नवी वायर बारीक तारांची, अगदी मऊ घ्या. घरातल्या वायरिंगची जाड वायर लावू नका. ती ताठ असते, उष्णतेत तिचं प्लॅस्टिक वितळतं आणि वाकून कॅमला (शाफ्टवरच्या, पॉइंट उघडणाऱ्या उंचवट्यांना) घासते. लांबी जुन्याएवढीच, थोडी ढील ठेवून. डिलकोला व्हॅक्यूम ॲडव्हान्स (इंजिनच्या ओढीने पॉइंटची प्लेट फिरवणारी डबी) असेल तर तिची नळी तोंडाने ओढून प्लेट हलवून बघा, वायर ताणली जाता कामा नये. लग दाबून बसवा आणि सोल्डरचा डागही द्या. खुंटीवर पट्टीची स्प्रिंग, वायरचा लग आणि कंडेन्सरचा लग एकमेकांना लागून, आणि तिघेही प्लॅस्टिकच्या बुशने खुंटीपासून वेगळे. इथे क्रम चुकला की मीटरवर कायम शून्य.

गॅप ०.२५ फार कमी आहे. पॉइंटची टाच (कॅमला टेकणारा तुकडा) झिजली की असं होतं. कॅमच्या उंच टोकावर टाच आणून ०.४ ते ०.५ च्या मधे ठेवा, आणि कॅमला टाचणीच्या टोकाएवढं ग्रीस द्या. जास्त दिलं तर तेच उडून पॉइंटवर बसतं. गॅप वाढला की पॉइंट लवकर उघडतात, म्हणजे टायमिंग पुढे सरकतं. म्हणून गॅप आधी, टायमिंग नंतर. एक नंबरचा प्लग काढून भोकावर अंगठा ठेवा, हवा अंगठा ढकलायला लागली की पुलीवरची खूण जुळेपर्यंत आणा. टेस्ट लॅम्प कॉइलच्या मायनस आणि बॉडीमध्ये लावा, चावी ऑन, डिलकोचा क्लॅम्प ढिला करून आधी रोटर फिरतो त्या दिशेला, मग हळूहळू उलट फिरवा. लॅम्प पेटतो त्या क्षणी थांबून क्लॅम्प आवळा.

अकराशे_८८

वायर लगापाशीच तुटली होती, ओढल्यावर लांबली. बदलली, गॅप ०.४५ केला, टायमिंग लॅम्पवर लावलं. मधल्या वायरला आता निळी ठिणगी, मायनसवर १२.४ आणि ०.१. ताजं पेट्रोल टाकल्यावर गाडी चालू झाली. तासाभराने बंद पडायची ती तक्रारही याच वायरची असेल का?

फिलरगेज

असू शकते, दोन-चार तारांवर लटकलेली वायर तापून, थरथरून सुटते. पण तसंच कंडेन्सर आणि कॉइलही तापल्यावर सोडतात आणि थंड झाल्यावर धरतात. म्हणून गावाजवळच, मीटर बरोबर घेऊन तासभर चालवा. बंद पडली तर थंड होऊ देऊ नका. लगेच बोनेट उघडा आणि पॉइंट उघडून मधल्या वायरची ठिणगी बघा. नसेल तर मायनसवर १२ आणि शून्य येतंय का ते मोजा. येत असेल तर बाहेरून दुसरा कंडेन्सर लावा. त्याने ठिणगी आली तर जुना कंडेन्सर गेला, नाही आली तर गरम कॉइल. ठिणगी आधीपासूनच दमदार असेल तर इग्निशन सोडा आणि एसी पंपावर ओलं फडकं टाकून बघा, पेट्रोलची वाफ होत असेल.